हवेविना चालणारी टाकी: इंदुरात घरगुती बायोगॅस बसवणाऱ्यांसाठी

इंदुरात ओला आणि सुका कचरा वेगळा ठेवायला आता कुणाला शिकवावं लागत नाही. दारावर येणारी गाडी तो घेऊन जाते आणि त्यातला ओला भाग देवगुराडियाच्या गोबर-धन संयंत्रात पचतो. रोज ५५० टन ओला कचरा घेऊ शकणारं हे संयंत्र १९ फेब्रुवारी २०२२ ला सुरू झालं, आणि तिथल्या गॅसवर शहरातल्या बसगाड्या धावतात. मग ओल्या कचऱ्यातून गॅस काढायला घरी वेगळी टाकी कशाला, असं कुणी विचारलं तर प्रश्न रास्तच आहे.

खरं उत्तर असं: सिलिंडरचे पैसे वाचवायला म्हणून चौघांच्या घराने ही टाकी बसवू नये. मोठं एकत्र कुटुंब, खानावळ किंवा डबे देणारं घर, चार-पाच बिऱ्हाडांचा सामाईक वाडा, किंवा ज्यांना बागेसाठी चांगलं द्रवखत हवं आहे अशांनी जरूर बसवावी. यातल्या एकाही गटात तुम्ही नसाल तर कचरा गाडीत द्या, तो वाया जात नाही.

बसवायचं ठरलं असेल तर पुढे वाचा. आकडे १००० लिटरच्या खालच्या टाकीचे आणि ७५० लिटरच्या तरंगत्या झाकणटाकीचे (ती खालच्या टाकीत उलटी तरंगते आणि तिच्यात गॅस साठतो) आहेत. हा जोडमेळ पुण्याच्या आरती (ARTI, अ‍ॅप्रोप्रिएट रूरल टेक्नॉलॉजी इन्स्टिट्यूट) या संस्थेने, डॉ. आनंद कर्वे यांच्या पुढाकाराने, स्वयंपाकघरातल्या कचऱ्यासाठी रूढ केला. २००६ साली संस्थेला त्यासाठी शाश्वत ऊर्जेच्या कामासाठी दिला जाणारा ब्रिटनचा अ‍ॅश्डेन पुरस्कारही मिळाला.

## १. ‘हवाविरहित’ म्हणजे नेमकं काय, ते आधी समजून घ्या

संयंत्राच्या माहितीपत्रकात ‘अ‍ॅनेरोबिक’ लिहिलेलं असतं, हिंदी पत्रकात ‘अवायवीय’, आणि शाळेच्या पुस्तकात आपण ‘विनॉक्सी’ वाचलेलं असतं. तिन्हींचा अर्थ एकच: जिथे मोकळा ऑक्सिजन नाही. नवखा माणूस मात्र त्याचा अर्थ ‘एअरटाइट डबा’ असा घेतो आणि पुढच्या निम्म्या चुका तिथून सुरू होतात.

ऑक्सिजन नको असतो तो रबड्याच्या, म्हणजे टाकीतल्या शेण-कचरा-पाण्याच्या मिश्रणाच्या, आत. मिथेन तयार करणारे सूक्ष्मजीव तिथे राहतात आणि ऑक्सिजन लागला की मरतात. वर तरंगणाऱ्या झाकणाच्या कडेने रबडा उघडाच दिसतो. ते पाहून लोक घाबरतात आणि ती फट सिलिकॉनने बुजवतात. तसं करू नका. त्या उघड्या पट्टीत हवा फक्त वरच्या थरात शिरते, आणि तिथले दुसरे जिवाणू तो ऑक्सिजन लगेच वापरून टाकतात. खाली पोचतच नाही. फट बुजवली तर झाकण वर-खाली होणार नाही आणि गॅस साठणार नाही.

उलट एका ठिकाणी मात्र काटेकोरपणा हवा: कचरा घालायचा पाइप. त्याचं आतलं तोंड रबड्यात खोल बुडालेलं असलंच पाहिजे. ते वर राहिलं तर गॅस त्याच वाटेने निघून जातो आणि दर वेळी हवा आत जाते.

याच विशेषणाने ओळखल्या जाणाऱ्या आणखी दोन गोष्टी बाजारात आणि घरात आहेत, त्यांच्याशी गल्लत नको. सेप्टिक टँक हीसुद्धा विनॉक्सीच, पण तिच्यातला गॅस गोळा करायची सोय नसते. उलट तो साठू नये म्हणून तिला वर हवानळी असते. बोकाशीची (कचऱ्याचं खत करायची) बादलीही हवाबंद, पण तिच्यात कचरा आंबतो, म्हणजे लोणच्यासारखा आम्लात मुरतो. तिच्यातला रस बायोगॅसच्या टाकीत ओतलात तर टाकी आंबट होऊन बंद पडेल. विक्रेता ‘दोन्ही अ‍ॅनेरोबिकच आहेत’ म्हणाला तरी ऐकू नका.

## २. कागदावर हिशोब करा

आठवडाभर घरातला ओला कचरा रोज तोला. पाण्याने जड झालेला नको, निथळलेला तोला.

- १ किलो ओल्या अन्नकचऱ्यातून साधारण ८० ते १०० लिटर गॅस मिळतो. एक बायोगॅस शेगडी तासाला ४०० लिटरच्या आसपास गॅस खाते. म्हणजे किलोमागे १२ ते १५ मिनिटं ज्योत.
- १ घनमीटर (१००० लिटर) बायोगॅस उष्णतेत साधारण ४५० ग्रॅम एलपीजीच्या बरोबरीचा.

पाच माणसांच्या घरात दिवसाला दीड किलो कचरा निघाला तर महिन्याला ४ घनमीटर गॅस, म्हणजे पावणेदोन किलो एलपीजी. १४.२ किलोच्या सिलिंडरचा आठवा भाग. सकाळचे पोहे आणि चहा निघेल, बस. रोज ५ किलो कचरा असेल तर महिन्याला सहा किलो एलपीजीची बचत होते, आणि या टाकीची सोयीस्कर मर्यादा तीच. रोज दहा किलोच्या पुढे कचरा असेल तर ही टाकी विसरा, मोठं संयंत्र पाहा.

कुणी ‘आठ दिवसांत गॅस, सिलिंडर कायमचा बंद’ म्हणून विकायला आला तर त्याला रोज किती किलो कचरा धरलाय एवढंच विचारा.

## ३. जागा

भरलेली टाकी एक टनापेक्षा जड असते, आणि ते सगळं वजन एक चौरस मीटरपेक्षाही कमी जागेवर येतं. घराच्या गच्चीचा स्लॅब चौरस मीटरला साधारण १५० किलो चल (माणसं-सामानाच्या) भारासाठी काढलेला असतो. म्हणून स्लॅबच्या मधोमध टाकी ठेवायची नाही. गच्चीवरच हवी असेल तर पाण्याच्या टाकीसारखी कॉलम-बीमवर घेतलेल्या चौथऱ्यावर, आणि तेही स्ट्रक्चरल इंजिनिअरला दाखवून. राजवाड्याच्या आसपासच्या जुन्या वाड्यांत लाकडी तुळयांवर माडी असेल तर हा विचारही करू नका, अंगणातच ठेवा.

अंगणात काय पाहायचं:

- दिवसाचे पाच-सहा तास ऊन. दक्षिणेची किंवा पश्चिमेची भिंत उत्तम.
- स्वयंपाकघरापासून पाइप १५-२० मीटरच्या आत.
- विहीर, बोअर किंवा पिण्याच्या पाण्याच्या टाकीपासून लांब.
- वर छप्पर किंवा बंद खोली नको. गॅस गळलाच तर वर निघून गेला पाहिजे.
- खाली १० सें.मी. जाडीचा सिमेंट काँक्रीटचा समपातळी ओटा. ओटा तिरका असेल तर झाकण एका बाजूला घासतं आणि अडकतं.

भाड्याच्या घरात घरमालकाची आणि सोसायटीत कमिटीची लेखी संमती आधीच घ्या. केंद्राच्या राष्ट्रीय बायोगॅस कार्यक्रमाचं अनुदान हवं असेल तर चौकशी बसवण्याआधी करा. ते मान्यताप्राप्त नमुन्यांनाच मिळतं, घरी टाक्या कापून केलेल्या जोडणीला नाही.

## ४. सामान

सियागंजात हार्डवेअरच्या दुकानांत बहुतेक सगळं एका फेरीत मिळतं. टाक्या मात्र टेप घेऊन जाऊन मोजूनच घ्या. प्रत्येक कंपनीच्या टाकीचा व्यास वेगळा असतो, आणि लिटरचा आकडा जुळला म्हणून एक दुसरीत बसेलच असं नाही.

- १००० लिटरची काळी प्लास्टिक टाकी (पचनटाकी). काळीच घ्या, पांढरी ऊन परतवते आणि आत उजेड गेला की शेवाळ धरतं.
- ७५० लिटरची टाकी (गॅसटाकी). ती उलटी आत घातल्यावर चहूबाजूंनी ३ ते ५ सें.मी. फट राहिली पाहिजे.
- ३ इंची पीव्हीसी पाइप, एल्बो, टाकीला बसवायचे फ्लँज: एक आत घालायला, एक जास्तीचा रबडा बाहेर पडायला.
- तळाशी २ इंची गाळव्हॉल्व्ह. हा पैसे वाचवायला वगळला जातो आणि तीन वर्षांनी टाकी बादलीने उपसावी लागते.
- अर्धा इंची गॅसचा पाइप, दोन बॉल व्हॉल्व्ह (एक टाकीपाशी, एक शेगडीपाशी), वर-खाली होणाऱ्या टाकीपुरता दोन मीटर लवचीक नळीचा तुकडा.
- पाइपातलं पाणी गोळा व्हायला टी-जोड आणि खाली पाण्याची बाटली किंवा कॉक (हाच पाण्याचा सापळा).
- स्टीलवूल भरलेला एक फूट लांबीचा जाड पाइप.
- आयएस ८७४९ चा आयएसआय शिक्का असलेली बायोगॅस शेगडी.
- पीएच (आंबटपणा मोजायच्या) पट्ट्या, साबणाचं पाणी, डासांची जाळी, बारा-पंधरा विटा.

गॅसच्या वाटेवर तांब्याची नळी किंवा पितळी कॉक नको. बायोगॅसमध्ये थोडा हायड्रोजन सल्फाइड असतो. तो तांबं-पितळ खातो आणि कॉक वर्षभरात घट्ट होऊन बसतो. प्लास्टिक किंवा स्टेनलेस स्टील वापरा.

## ५. जोडणी

पचनटाकीचं वरचं तोंड पूर्ण कापून उघडं करा. काप सरळ आणि घासून गुळगुळीत हवा. आत घालायचा पाइप टाकीत तळापासून १५-२० सें.मी. वर उघडला पाहिजे, आणि बाहेरचं नरसाळ्याचं तोंड टाकीच्या काठापेक्षा किमान एक फूट उंच. बाहेर पडायचा पाइप समोरच्या बाजूला, काठाखाली १०-१५ सें.मी. दोन्ही शेजारी-शेजारी बसवले तर आज घातलेला कचरा उद्या न पचताच बाहेर येतो.

गॅसटाकीचं वरचं तोंड कापून ती उलटी घालायची. तिचा मूळ तळ आता छत झाला. त्यात अर्ध्या इंचाचा टँक निप्पल रबरी वायसर लावून बसवा. टाकी उलटी घालण्याआधी निप्पलला बाहेरून साबणाचं पाणी लावून फुंकून पाहा.

गॅसला दाब कुठून येतो, हे इथे समजून घ्यायला हवं. तरंगत्या टाकीचं वजन हाच दाब. टाकीचा व्यास ९० सें.मी. असेल तर तिचं क्षेत्रफळ ०.६४ चौरस मीटर. शेगडी नीट जळायला ८ सें.मी. पाण्याच्या उंचीएवढा दाब हवा, म्हणजे एकूण ५० किलोच्या आसपास वजन. टाकी स्वतः १६-१८ किलोची. उरलेल्या ३२-३४ किलोंसाठी तीन-तीन किलोच्या अकरा विटा छतावर गोल मांडा. एका बाजूला रचल्या तर टाकी कलंडते. वारा आणि मांजरं दोन्ही धरून चालायचं, म्हणून विटा दोरीने किंवा जुन्या सायकलच्या ट्यूबने बांधा.

पाइपाला उतार हवा: दर मीटरला एक सें.मी. पाण्याच्या सापळ्याकडे. बायोगॅस टाकीतून निघतो तोच ओला, आणि संध्याकाळी पाइप गार पडला की पाणी सुटतं. मध्ये झोळ राहिला तर तिथे पाणी साठून ज्योत ढकढक करते.

स्टीलवूलचा तुकडा शेगडीच्या आधी, हाताला येईल असा बसवा. तो हायड्रोजन सल्फाइड धरतो. काळा पडून चुरा व्हायला लागला की बदला.

## ६. शेण घालणं

डिसेंबरात सुरू करू नका. होळी-रंगपंचमीच्या सुमारास सुरू केलंत तर पुढे तीन महिने ऊन वाढतच जातं आणि टाकी लवकर चालू लागते.

गोशाळेतून किंवा गोठ्यातून ताजं, त्याच दिवशीचं शेण आणा. २०० किलो शेण आणि २०० लिटर पाणी एका टपात हाताने कालवून, गुठळ्या आणि काड्या काढून आत घाला. गोवऱ्यांचा चुरा चालत नाही, उन्हात वाळलेल्या शेणात आपल्याला हवे ते सूक्ष्मजीव जगत नाहीत. कुणाचं चालू संयंत्र असेल तर त्याचा दोन बादल्या रबडा मागून आणा, त्याने निम्मं काम होतं. गाईला अँटिबायोटिक चालू असेल तर तिचं शेण घेऊ नका.

उरलेली जागा पाण्याने, बाहेर पडायच्या पाइपाच्या पातळीपर्यंत भरा. नर्मदेचं नळाचं पाणी क्लोरीनचं असतं. ते रात्रभर उघड्या टपात ठेवा आणि मग घाला. गॅसटाकी उलटी घालताना वरचा व्हॉल्व्ह उघडा ठेवा, म्हणजे आतली हवा निघून टाकी तळापर्यंत बुडेल. ती पूर्ण बुडाली की व्हॉल्व्ह बंद करा.

यानंतर काही घालायचं नाही. दहा ते वीस दिवस नुसती वाट पाहायची. या दिवसांत लोकांचा धीर सुटतो, आणि ‘थोडं अन्न घालू, गॅस लवकर येईल’ म्हणत ते टाकी आंबवून ठेवतात.

## ७. पहिला गॅस सोडून द्या

टाकी वर आली म्हणून लगेच शेगडी पेटवू नका. पहिल्या भरतीत बहुतेक कार्बन डायऑक्साइड आणि उरलीसुरली हवा असते. मिथेन हवेत ५ ते १५ टक्के मिसळलेला असताना स्फोटक असतो, आणि पहिल्या टाकीत नेमकं तेच मिश्रण असू शकतं. पहिली भरलेली टाकी उघड्यावर, आसपास विडी-काडी काही नसताना, पूर्ण सोडून द्या. दुसरीही सोडली तर उत्तम.

मग शेगडीवर पेटवून पाहा, टाकीपाशी कधीच नाही. टाकीच्या तोंडाशी काडी धरून ‘गॅस आहे का’ बघणं हा या कामातला सगळ्यात वाईट प्रकार. गळती साबणाच्या पाण्यानेच शोधायची.

काडी विझत असेल तर अजून मिथेन कमी आहे, आणखी चार दिवस थांबा. निळी ज्योत टिकली की टाकी जेवायला तयार.

## ८. रोजचं घालणं

पहिला आठवडा रोज अर्धा किलो. ज्योत निळी राहिली तर पुढच्या आठवड्यात एक किलो, मग दोन, मग चार. पाच किलोच्या पुढे जाऊ नका. वेळ एकच ठेवा. चार दिवसांचं साठवून रविवारी वीस किलो घालणं म्हणजे उपाशी माणसाला लग्नाच्या पंगतीत बसवणं.

कचरा जुन्या मिक्सरमधून काढा किंवा बारीक चिरा, तेवढंच पाणी घाला आणि ओता. पाणी म्हणून बाहेर पडलेल्या रबड्याचं वरचं पातळ वापरलं तर आणखी चांगलं: त्यात सूक्ष्मजीव असतात आणि नळाचं पाणीही वाचतं.

चालतं: उरलेला भात, पोळी, वरण, भाजी, बटाटा, दुधी, पपई, टरबूज यांच्या साली, नासलेली फळं, पिठाचं झाडलोट, भांड्यातलं खरकटं (साबण लागायच्या आधीचं).

चालत नाही:
- लिंबू, संत्रं, मोसंबी यांच्या साली. सालीतलं तेल सूक्ष्मजीवांना मारक असतं. एखाद्या सालीने काही होत नाही, पण रसाच्या गाडीवरचा चोथा कुणी फुकट देऊ केला तर नको म्हणा.
- भुट्ट्याची बुरकुंडं आणि पानं. पावसाळ्यात भुट्ट्याचा कीस दर घरी होतो आणि बुरकुंडांचा ढीग पडतो. ती पचत नाहीत, तरंगून वर साय धरतात.
- कांदा-लसणीच्या टरफलांचा मोठा ढीग, आंब्याच्या कोयी, नारळाच्या शेंड्या, अंड्याची कवचं, हाडं.
- शेव-कचोरी तळून उरलेलं तेल. चमचाभर खरकट्याबरोबर गेलं तर पचतं, पण कढईभर ओतलंत तर वर घट्ट थर बसेल.
- लोणच्याचा खार, फिनाइल, अ‍ॅसिड, ब्लीच, साबणाचं पाणी.

चहाचा चोथा पचायला फार वेळ घेतो, तो थेट कुंडीत घाला.

टाकीत न जाणाऱ्या यातल्या साली, टरफलं आणि बुरकुंडं हवेत कुजवायची. त्याची पद्धत जगभर इंदूरच्याच नावाने ओळखली जाते. अल्बर्ट हॉवर्ड यांनी १९२४ ते १९३१ या काळात इथल्या इन्स्टिट्यूट ऑफ प्लँट इंडस्ट्रीत ती बसवली, आणि १९३१ च्या पुस्तकावर त्यांच्याबरोबर यशवंत वाड यांचं नाव आहे. तिचं तंत्र टाकीच्या अगदी उलट आहे: काडीकचरा आणि शेणाचे थर ओलसर ठेवायचे आणि तीन महिन्यांत तीनदा ढीग पालटून आत हवा खेळवायची. बुरकुंडं ठेचून तिथे टाका.

## ९. शेगडी

एलपीजीची शेगडी जशीच्या तशी चालत नाही. घरगुती एलपीजीचा रेग्युलेटर साधारण ३० सें.मी. पाण्याच्या उंचीएवढा दाब देतो, आपल्या टाकीचा दाब त्याच्या चौथाई. शिवाय एलपीजीला जळायला स्वतःच्या पंचवीस-तीस पट हवा लागते, बायोगॅसला सहापटीच्या आत. म्हणून जेटचं भोक मोठं आणि हवेची खिडकी लहान लागते. मिस्त्रीकडून जुन्या शेगडीचं भोक अंदाजाने मोठं करून घेण्यापेक्षा आयएसआयची बायोगॅस शेगडी घ्या.

ज्योत पिवळी आणि भांड्याला काजळी: हवा कमी, खिडकी थोडी उघडा. ज्योत बर्नरवरून उडते: हवा किंवा दाब जास्त, खिडकी मिटा किंवा दोन विटा काढा. दोन्ही व्हॉल्व्ह रात्री बंद, यात सूट नाही. आणि एलपीजीचा सिलिंडर नि बायोगॅस एकाच पाइपाला टी लावून कधीही जोडू नका.

## १०. थंडीत काय करायचं

हे सूक्ष्मजीव ३५ अंशांच्या आसपास जोमात असतात. २० च्या खाली मंदावतात आणि १० च्या आसपास जवळजवळ झोपतात. इंदुरात डिसेंबर-जानेवारीत पहाटेचा पारा १० च्या आसपास उतरतो. दुपारच्या उन्हाने टाकी थोडी सावरते, तरी गॅस निम्म्यावर येतो.

- दिवाळीनंतर घालणं हळूहळू निम्मं करा. कमी पचन आणि तेवढंच अन्न, हेच टाकी आंबट होण्याचं पहिलं कारण.
- कचरा कोमट पाण्यात (हाताला सोसेल इतपत) कालवून, दुपारी बारा-एकला घाला.
- टाकीभोवती पारदर्शक प्लास्टिकचा मांडव करा. कडेला गवताच्या पेंढ्या किंवा थर्माकोल बांधला तर रात्रीचा गारवा कमी लागतो. मांडव वरून उघडता आला पाहिजे, गॅस कोंडता कामा नये.

उन्हाळ्यात यातलं काही लागत नाही, फक्त कडेच्या फटीतलं पाणी उडतं. पातळी उतरली की भर घाला.

## ११. बिघाड ओळखणं

गॅस येतो पण पेटत नाही. टाकी आंबट झाली. बाहेर पडणाऱ्या रबड्याला पीएच पट्टी लावा. ६.८ ते ७.४ ठीक, ६.५ च्या खाली धोका. आंबूस, व्हिनेगरसारखा वास हीच खूण. कचरा घालणं पूर्ण थांबवा. पाच-सात दिवसांत बहुतेक वेळा आपोआप सावरतं. नाहीच सावरलं तर २०० ग्रॅम खायचा सोडा बादलीभर पाण्यात विरघळवून घाला, दुसऱ्या दिवशी पुन्हा मोजा, आणि एक-दोन पाट्या ताजं शेण कालवून द्या. चुना घालायचा सल्ला मिळेल. चुना गॅसमधला कार्बन डायऑक्साइड शोषतो, टाकी एकदम खाली बसते, आणि प्रमाण चुकलं तर पीएच दुसऱ्या टोकाला जातो. सोडाच बरा.

टाकी वर येतच नाही. आधी गळती पाहा: निप्पल, लवचीक नळीची टोकं, व्हॉल्व्ह. कुठेच बुडबुडे नसतील तर टाकी हाताने फिरवून पाहा, ती कडेला अडकली असेल. अडकलेली नसेल तर वर साय धरली आहे. टाकी रोज थोडी डावी-उजवीकडे फिरवली की साय मोडते, तेवढंच ढवळणं पुरे. आत काठी घालून घुसळू नका, त्याने हवा आत जाते.

कुजक्या अंड्यांचा वास. शेगडीपाशी येत असेल तर खिडक्या उघडा, व्हॉल्व्ह बंद करा, विजेचं बटण दाबू नका, मग गळती शोधा. टाकीपाशी मंद वास येणं नेहमीचं आहे.

ज्योत लुकलुकते, पाइपात गुडगुड होते. पाणी साठलं. सापळ्याचा कॉक उघडून काढा. पावसाळ्यात आणि थंडीत आठवड्यातून एकदा हे ठरवूनच करा.

डास. कडेच्या फटीवर जाळी बसवा. तिथे घासलेट किंवा औषध ओतू नका.

## १२. बाहेर येणारा रबडा आणि तळाचा गाळ

जितकं आत घालाल साधारण तेवढंच बाहेर येतं. चांगला पचलेला रबडा मातकट वासाचा असतो, आंबट नाही, आणि त्यावर माश्या फारशा बसत नाहीत. एक भाग रबडा, तीन ते पाच भाग पाणी करून झाडांच्या बुंध्याशी घाला. गुलाब, मोगरा, कढीपत्ता, पपई यांना मानवतो. कोथिंबीर-पालकासारख्या कच्च्या किंवा चटकन शिजणाऱ्या पानांवर शिंपडू नका, पेरणीआधी मातीत मिसळा. जास्त झाला तर वाळक्या पानांच्या ढिगावर ओता, ढीग लवकर कुजतो.

दोन-तीन वर्षांनी तळाशी वाळू आणि न पचलेला गाळ साठतो. तळाचा व्हॉल्व्ह उघडून दोन-चार बादल्या काढा आणि तेवढं ताजं शेणपाणी भरा. व्हॉल्व्ह गच्च झाला असेल तर बाहेरूनच लांब दांड्याच्या बादलीने उपसा. कुणालाही, थोड्या वेळासाठीसुद्धा, आत उतरवू नका. रिकाम्या दिसणाऱ्या टाकीतही ऑक्सिजन नसतो, आणि हायड्रोजन सल्फाइड जास्त असेल तर नाकाला त्याचा वास येणंच बंद होतं. टाकी दुरुस्त करायची असेल तर गॅसटाकी पूर्ण काढून, दोन दिवस उन्हात उघडी ठेवून, पाण्याने धुऊन मगच हत्यार लावा, आणि त्या दिवशी जवळपास वेल्डिंग किंवा ग्राइंडर चालू ठेवू नका.